छापील अक्षर

(दृश्य: समर्ली संग्रहालय. भट्ट्यांचे उरलेले चौथरे, मागून जाणारी ट्राम.)

स्कॉटलंडमधलं कोटब्रिज. जमिनीत कोळसा होता, लोहदगडही होता. 1828मध्ये नीलसन या अभियंत्याने भट्टीत तापवलेली हवा सोडायची रीत काढली आणि या भागात एकामागून एक धुराडी उभी राहिली. कवयित्री जॅनेट हॅमिल्टनने ती उभी राहताना पाहिली. ती इथे आली तेव्हा ती लहान होती, आणि लँगलोन हे तिचं गाव हातमागांचं खेडं होतं.

(दृश्य: चरखा, सुताच्या लडी.)

जन्म 1795, शॉट्स परगण्यातला. वडील जोडे शिवायचे. आईबाप शेतावर मजुरीला गेले की पोर घरी सूत कातायची. वाचायला आईने शिकवलं, बायबलवरून. पाचव्या वर्षी ती वाचू लागली. पुढे एका विणकराच्या मागावर तिला दोन पुस्तकं दिसली, एक इंग्रज कवी मिल्टनचं, दुसरं स्कॉटिश कवी अ‍ॅलन रॅम्झीचं. मागावर पुस्तक ठेवून काम करणारा विणकर तिथे काही नवलाचा नव्हता.

(दृश्य: गोल चौकटीवर ताणलेली मलमल, जवळून आकडी.)

हे टॅम्बरचं काम, म्हणजे गोल चौकटीवरचं भरतकाम. आपल्याकडच्या आरीकामासारखंच. कापड ढोलावरच्या कातड्यासारखं ताणायचं, खालून दोरा धरायचा, वरून आकडी खुपसून तो ओढून घ्यायचा. एक फास, त्यात दुसरा, झाली साखळी. नजर हलली की टाका चुकला. जॅनेटने हे काम केलं होतं. म्हणूनच पुढे तिने टॅम्बरवरच्या बाईवर कविता लिहिली तेव्हा ती थेट पुरुष कामगारांवर उखडली: तुम्हाला पगार चांगला, तासही कमी, तरी मागणं संपत नाही, ही पंधरा तास वाकते, तुमच्या पगाराचा तिसरा हिस्सा मिळाला तरी हिच्या पायात जोडे येतील.

(दृश्य: ग्लासगोकडे जाणारा रस्ता, पहाट.)

लग्न तेराव्या वर्षी. नवरा जॉन, वडिलांच्या हाताखालचा कारागीर. मुलं दहा. तरुणपणी तिने काही धार्मिक कविता रचल्या. ती सांगायची, जॉन लिहून घ्यायचा. मग संसारात रचणं थांबलं. वाचणं मात्र थांबलं नाही, मूल पाजताना, रात्री, चुलीच्या उजेडात.

(दृश्य: कोरा कागद. एकेक अक्षर उमटतं, सुटं, सरळ, पुस्तकातल्यासारखं.)

आता हे नीट बघा. वाचणं आणि लिहिणं ही त्या काळी दोन वेगळी शिक्षणं होती. बायबल वाचता यायला हवं म्हणून गरिबाच्या मुलीलाही वाचायला शिकवत; तिच्या हाती लेखणी कशाला द्यायची? जॅनेट लिहायला शिकली तेव्हा तिचं वय पन्नाशीच्या आसपास होतं, आणि तेही स्वतःच. डोळ्यांना सवय छापील अक्षराची, म्हणून हातही तसाच वळला. अक्षराला अक्षर जोडून लिहिलेलं वळणदार इंग्रजी तिने कधी गिरवलंच नव्हतं. तिची लिपी तिची होती. त्याच अक्षरात तिने लेख लिहून पाठवले आणि 1850च्या सुमारास ते लंडनला कॅसेल या प्रकाशकाच्या, कामगारांसाठीच्या नियतकालिकात छापून आले.

(दृश्य: कालवा, ढगाळ आकाश.)

पहिलं पुस्तक 1863 साली. स्कॉट्स बोलीतल्या कवितांत कोटब्रिजची शंभर धुराडी धडधडतात, दारूचे गुत्ते दिसतात. दारूवर तिचा फार राग. पुढे दृष्टी गेली, मुलगा जेम्स लिहून घेऊ लागला. घरापासून वीस मैलांपलीकडे ती कधी गेली नाही, असं सांगतात. 1873मध्ये गेली.

(दृश्य: लँगलोनमधलं स्मारक-कारंजं. आवाज फक्त रस्त्याचा.)

हे कारंजं 1880चं. तिच्या घरासमोर उभारलेलं.