बुरशीचं दुखणं, झाडाची सुटका

[दृश्य: इटलीचा लिगुरिया किनारा. समुद्राला लागूनच चढत गेलेले डोंगर, उतारांवर चेस्टनटची झाडी.]

इटलीतल्या जेनोव्हा बंदराच्या पाठीमागे लगेच डोंगर सुरू होतात. १९५०च्या सुमारास या डोंगरांवरची चेस्टनटची काही झाडं मरायची राहून गेली.

करपा, म्हणजे सालीत शिरणाऱ्या एका बुरशीचा रोग, त्यांनाही लागला होता. साल फाटलेली, आतलं लाकूड उघडं पडलेलं. हा रोग जेनोव्हाजवळ पहिल्यांदा १९३८मध्ये सापडला, आणि अमेरिकेत त्याने काय केलं ते सगळ्यांना ठाऊक होतं. त्या हिशोबाने ही झाडं एव्हाना वाळून जायला हवी होती. पण काही खोडांवरच्या जखमा कडांकडून भरत चालल्या होत्या. रोग होता, फक्त सालीच्या वरच्या थरातच अडकून पडला होता.

आन्तोनिओ बिरागी या इटालियन वनस्पतिरोगतज्ज्ञाने हे टिपलं. त्यांचा कयास असा, की झाडांनीच प्रतिकार उभा केला असावा. त्यात त्यांचं काही चुकलं असं म्हणवत नाही. आजारी झाड सावरलं की श्रेय झाडालाच दिलं जातं. बुरशीच आजारी असेल, हा विचार तेव्हा कोण करणार?

[दृश्य: अमेरिका. जुनी कृष्णधवल छायाचित्रं. प्रचंड घेराची खोडं, त्यांच्या पायथ्याशी उभी माणसं.]

अमेरिकेत काय झालं होतं, ते आधी पाहू.

१९०४ साली न्यूयॉर्कच्या ब्राँक्स प्राणिसंग्रहालयातले वनपाल हर्मन मर्केल यांना आवारातली चेस्टनटची झाडं सुकताना दिसली. त्यांनी रोगट फांद्या छाटल्या आणि बोर्डो मिश्रण फवारलं. हो, आपल्या द्राक्षबागांमध्ये मारतात तेच मोरचूद आणि चुन्याचं मिश्रण. उपयोग शून्य. कारण ही बुरशी पानावर बसत नाही. सालीला कुठे बारीकशी जखम असली की ती तिथून आत शिरते आणि सालीखालच्या जिवंत थरात पंख्यासारखी पसरत जाते. ऑक्झॅलिक आम्ल सोडून पेशी मारते, मेलेल्या पेशींवर पुढे सरकते. खोडाला पूर्ण वेढा पडला की वरचं झाड संपलं.

शास्त्रज्ञ तिला क्रायफोनेक्ट्रिया पॅरासिटिका म्हणतात. ती आली आशियातून, बहुधा जपानी चेस्टनटच्या रोपांबरोबर. रोपवाटिकांनी ती रोपं एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस हौसेने मागवली होती. जपान आणि चीनमधली चेस्टनट या बुरशीसोबत पिढ्यान्‌पिढ्या वाढलेली, त्यांना ती फारसं करत नाही. अमेरिकन चेस्टनटने मात्र तिला कधी पाहिलंच नव्हतं.

पेनसिल्व्हेनिया राज्याने १९११मध्ये खास आयोग नेमला. रोगट झाडं तोडायची आणि पुढच्या जंगलाला वाचवायचं, असा बेत होता. वाऱ्यावर, पावसाच्या थेंबांतून, पक्ष्यांच्या पायांना चिकटून बीजाणू पुढे जात राहिले. दोन वर्षांत आयोग गुंडाळला गेला. १९५०पर्यंत मेनपासून अलाबामापर्यंतच्या जंगलातून मोठं चेस्टनट जवळजवळ नाहीसं झालं. अंदाज तीनशे ते चारशे कोटी झाडांचा आहे. अ‍ॅपलेशियन डोंगरांतल्या माणसांचं खाणं, डुकरांचा चारा, कातडी कमावायचं टॅनिन, कुंपणाचे खांब, रेल्वेचे स्लीपर, हे सगळं एका झाडावर चालत होतं.

मुळं मात्र मेली नाहीत. मातीतले इतर सूक्ष्मजीव या बुरशीला खाली टिकू देत नाहीत. म्हणून आजही जुन्या बुंध्यांतून धुमारे फुटतात, मनगटाएवढे होतात, करपतात, आणि पुन्हा फुटतात.

[दृश्य: प्रयोगशाळा. दोन काचेच्या बशा शेजारी शेजारी. एकीत नारिंगी बुरशी, दुसरीत पांढरी.]

आता फ्रान्स. क्लेरमाँ-फेराँच्या कृषी संशोधन केंद्रातले झाँ ग्राँत बिरागींची झाडं पाहायला इटलीत गेले. झाड बाजूला ठेवून त्यांनी बुरशीकडे पाहिलं, आणि खरा फरक तिथेच पडला. भरत आलेल्या जखमांमधली बुरशी त्यांनी बशीत वाढवली. नेहमीची बुरशी नारिंगी होते, बीजाणूंनी भरून जाते. यातली काही पांढरटच राहिली आणि बीजाणूही मोजकेच धरले.

ही पांढरी बुरशी त्यांनी झाडाला टोचली, तर जखम किरकोळ झाली. मग चांगल्या माजलेल्या रोगाच्या कडेला पांढरी बुरशी सोडली. तो रोग थांबला, आणि तिथली नारिंगी बुरशी पुढे पांढरी निघू लागली. म्हणजे पांढरीतून नारिंगीत काहीतरी जात होतं. ते काय, हे तेव्हा सांगता येत नव्हतं. १९६५मध्ये ग्राँत यांनी या प्रकाराला ‘हायपोव्हिरुलन्स’ असं नाव दिलं, म्हणजे रोग करण्याची ताकद खालावणं.

१९७२मध्ये त्यांच्या पांढऱ्या बुरशी अमेरिकेत कनेटिकट राज्याच्या कृषी प्रयोग केंद्रात पोहोचल्या. १९७७मध्ये तिथल्या गटाने दाखवलं, की कमजोर बुरशीत दुहेरी धाग्याचा आरएनए आहे आणि निरोगी बुरशीत तो नाही. ती विषाणूची खूण होती. पण खूण म्हणजे पुरावा नव्हे. पुरावा यायला १९९२ उजाडलं. न्यूजर्सीतल्या प्रयोगशाळेत गिल चोई आणि डोनाल्ड नस यांनी त्या विषाणूची डीएनए प्रत तयार करून ती धडधाकट बुरशीत घातली. बुरशी पांढरी पडली, अशक्त झाली. दुसरं कोणतंही कारण शिल्लक उरलं नाही.

बुरशीला विषाणू होतात, हे मात्र त्याआधीच माहीत होतं. १९६२मध्ये इंग्लंडच्या हॉलिंग्ज यांनी लागवडीच्या अळिंब्यांत ते शोधले होते. तिथे विषाणू म्हणजे उत्पादकाचं नुकसान, कारण अळिंबी हेच पीक. त्यानंतर बुरशींमध्ये असे विषाणू ढिगाने सापडले. बहुतेक गुपचूप राहतात, बुरशीला त्यांचा पत्ताही लागत नाही. ताकद काढून घेणारे थोडे.

[दृश्य: सूक्ष्मदर्शकाखाली बुरशीचे तंतू. दोन तंतूंची टोकं एकमेकांकडे वळतात आणि जुळतात.]

चेस्टनटच्या बुरशीतल्या या विषाणूची गंमत अशी, की त्याला कवच नाही. सर्दीचा विषाणू प्रथिनाचं आवरण घेऊन बाहेर पडतो, शिंकेतून दुसऱ्याकडे जातो. हा बाहेर पडतच नाही. सुमारे १२,७०० अक्षरांचा आरएनए, बुरशीच्याच पटलांच्या पिशव्यांमध्ये राहतो. पुढे जायचे दोनच मार्ग आहेत. एक, बुरशीचे अलैंगिक बीजाणू. लैंगिक बीजाणूंत तो उतरत नाही. दुसरा, दोन बुरशींचे तंतू भेटून एकजीव झाले, तर त्या जोडातून पलीकडे.

आणि इथेच सगळं अडतं. वाटेल त्या दोन बुरशी अशा जुळत नाहीत. युरोपातल्या बुरशीत त्यासाठी सहा जनुकस्थानं ठाऊक झाली, प्रत्येकाची दोन रूपं, म्हणजे जुळणीचे चौसष्ट गट. आपल्याकडे पत्रिकेत छत्तीसपैकी अठरा गुण जमले तरी लग्न होतं. इथे सहाच्या सहा जुळावे लागतात. एक जरी वेगळा निघाला, तरी भेटीच्या जागी पेशी स्वतःला मारून घेतात. मेलेल्या पेशींच्या त्या पट्टीत विषाणू बहुतेकदा अडकतो. बुरशीच्या बाजूने पाहिलं तर ही शहाणी व्यवस्था आहे. परक्याशी जोड केला नाही की परक्याचं दुखणं घरात येत नाही.

युरोपात बुरशी थोड्याच वंशांतून पसरली. मोठमोठ्या पट्ट्यांत एकाच गटाचं राज्य, त्यामुळे विषाणू झाडोझाड फिरला. शिवाय युरोपीय चेस्टनट मुळातच अमेरिकनपेक्षा थोडं सोशिक, आणि बागांतली झाडं माणसांच्या देखरेखीखाली. फ्रान्समध्ये ग्राँत यांच्या पद्धतीने जखमेच्या कडेला भोकं पाडून त्यांत विषाणूवाल्या बुरशीचा लगदा भरण्याचं काम मोठ्या प्रमाणावर चाललं. इटलीत तर बऱ्याच ठिकाणी माणसाने हातही न लावता विषाणू पसरला.

अमेरिकेत तेच करून पाहिलं. ज्या जखमेत लगदा भरला ती भरून आली, दहा फुटांवरची तशीच राहिली. तिथे बुरशीचे गट पुष्कळ, एकाच झाडावरच्या दोन जखमांचेही गट वेगळे. त्यात ती लैंगिक बीजाणू भरपूर धरते. दर पिढीत नवे गट, आणि ते सगळे विषाणूमुक्त.

विस्कॉन्सिनमधल्या वेस्ट सेलमला चेस्टनटची मोठी राई आहे. झाडाच्या मूळ प्रदेशाबाहेर एका वसाहतवाल्याने लावलेल्या झाडांपासून ती वाढली. अंतरामुळे ती कित्येक दशकं वाचली. १९८७मध्ये करपा तिथेही पोहोचला. तिथे सुरुवातीला बुरशीचा एकच गट होता, म्हणजे युरोपासारखी अनुकूल परिस्थिती. १९९२पासून विषाणू सोडला. काही झाडांच्या जखमा भरल्या, विषाणू थोडाफार पसरला. पण नंतर तिथेही दुसरे गट उगवले, आणि झाडं मोठ्या संख्येने गेली. या यशाचं वर्णन मी तरी अर्धवट असंच करेन.

[दृश्य: चेस्टनटचं खोड जवळून. जखमेच्या दोन्ही कडांनी फुगून आलेली नवी साल.]

आणखी एक पेच आहे, आणि मला तो सगळ्यात रंजक वाटतो. विषाणू बुरशीला जितका जास्त लोळवेल, तितकं झाडाचं भलं, असं वाटेल. पण फारच दुबळी झालेली बुरशी सालीत पसरत नाही, बीजाणूही फारसे धरत नाही. मग विषाणूला पुढे नेणार कोण? फ्रान्समधून आलेला विषाणूचा एक वाण बुरशीला अगदी झोपवतो. इटलीतला एक वाण सौम्य. त्याने ग्रासलेली बुरशी बऱ्यापैकी वाढते, जखमही करते, पण ती वरवरचीच. पसरण्याच्या बाबतीत हा सौम्य वाण उजवा ठरतो. झाडाला वाचवायचं तर बुरशीला पुरतं मारून चालत नाही. तिला रोजची कामं करण्याइतकं बळ ठेवावं लागतं.

गटांची भिंत पाडायचा प्रयत्न नस यांच्याच प्रयोगशाळेने केला. २०१६मध्ये त्यांनी बुरशीच्या जुळणीच्या जनुकांपैकी चार निकामी केले आणि अशा दोन बुरशींची जोडी बनवली. ही जोडी समोरच्या जवळपास कोणत्याही गटाला विषाणू देऊ शकते. पुढे जंगलातल्या झाडांवर तिची चाचणी झाली, आणि उपचार केलेल्या जखमांमधल्या वेगवेगळ्या गटांत विषाणू शिरलेला दिसला. जखमेपाशी जाऊन हाताने उपचार करायचं काम मात्र यातून सुटलेलं नाही.

[दृश्य: चीन. मोहरीवर्गीय तेलबियांचं पिवळंधमक शेत.]

वेगळी वाट चीनमधल्या वूहानला सापडली. तिथल्या हुआजोंग कृषी विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१०मध्ये स्क्लेरोटिनिया या बुरशीतला एक विषाणू जाहीर केला. तेलबियांच्या खोडाला कुजवणारी, पांढरा कापूस धरणारी ही बुरशी शेकडो वनस्पतींवर जगते. हा विषाणू डीएनएचा, आणि त्याला कवच आहे. शुद्ध केलेले त्याचे कण बाहेरून दिले तरी बुरशीला लागण होते, तंतू जुळायची वाट पाहावी लागत नाही. आपल्याकडे हरभऱ्याच्या बियाण्याला ट्रायकोडर्मा चोळतात, तेव्हा एक बुरशी दुसरीवर सोडलेली असते. इथे प्रत्यक्ष विषाणूच पिकावर फवारून पाहिला गेला.

२०१६मध्ये त्याच गटाने दाखवलं, की बुरशी खाणारी एक बारीक माशी हा विषाणू नेते. तो तिच्या शरीरातही वाढतो आणि अंड्यांतून पुढच्या पिढीत उतरतो. २०२०च्या निष्कर्षाने तर बुरशीची भूमिकाच उलटवली. विषाणू लागलेली स्क्लेरोटिनिया झाडाला कुजवत नाही. ती त्याच्या आत निमूट राहते, आणि अशा रोपांची वाढ व रोगाला तोंड देण्याची ताकद सुधारलेली आढळली.