कारखान्याची किंमत आणि कराराची कलमं

2001 साली औरंगाबादजवळ शेंद्र्याच्या औद्योगिक वसाहतीत स्कोडा ऑक्टेव्हियाची जुळणी सुरू झाली. आपल्या लेखी ती परकीय गुंतवणूक. पण त्याच्या दहाच वर्षं आधी, एप्रिल 1991 मध्ये, ही झेक कंपनी स्वतःच विक्रीला निघालेली होती आणि जर्मनीच्या फोक्सवागनने तिच्यात पहिला 31 टक्के वाटा घेतला होता. साम्यवादी सरकारी नियोजनातून बाजाराकडे निघालेल्या देशांत थेट परकीय गुंतवणूक आली म्हणजे नेमकं काय झालं, ते या कारखान्यापासून समजून घेणं सोपं जातं. झेक प्रजासत्ताक, हंगेरी आणि पोलंड या तीन देशांच्या अनुभवावर मी बोलणार आहे. एक मुद्दा आधीच सांगून ठेवतो. या सौद्यांत वर्तमानपत्रात छापून आलेली किंमत ही बहुतेक वेळा सर्वांत कमी महत्त्वाची गोष्ट होती.

आधी आकड्यांबद्दल. परदेशी मालकाकडे कंपनीच्या मताधिकाराचा 10 टक्के किंवा अधिक वाटा असेल तर त्याची गुंतवणूक 'थेट' धरतात. तिच्यात तीन गोष्टी मोजल्या जातात: भागभांडवल, कंपनीतच ठेवलेला नफा आणि मूळ कंपनीने उपकंपनीला दिलेलं कर्ज. आता यातली गोम बघा. सरकारने चालू कंपनी परदेशी मालकाला विकली तर पूर्ण रक्कम थेट गुंतवणूक म्हणून नोंदली जाते, पण त्या दिवशी कारखान्यात एकही नवं यंत्र आलेलं नसतं. पैसा जातो तिजोरीत. हंगेरीने 1993 मध्ये मातावच्या, म्हणजे सरकारी टेलिफोन कंपनीच्या, 30 टक्क्यांहून थोड्या अधिक भागासाठी 87.5 कोटी डॉलर घेतले. 1995 च्या अखेरीस तिचा आणखी मोठा हिस्सा आणि वीज-गॅस वितरण कंपन्यांचे वाटे विकले. त्या विक्रीतला मोठा पैसा परकीय कर्ज उतरवायला गेला. यात चूक काही नाही, व्याजाचा बोजा हलका झालाच. पण याला 'उद्योग आले' म्हणता येत नाही. म्हणून एखाद्या वर्षी गुंतवणुकीचा आकडा फुगलेला दिसला की पहिला प्रश्न हा विचारावा: यात विक्री किती आणि नवी उभारणी किती?

विक्रीत किंमत ठरवणं हेच मुळात अवघड होतं. नियोजनाखालच्या कारखान्याचा ताळेबंद आपल्या ओळखीच्या अर्थाने ताळेबंद नव्हताच. जमिनीला बाजारभाव नव्हता. मालाचा भाव सरकारी तक्त्यातून यायचा. गोदामात पडून राहिलेला माल 'उत्पादन' म्हणून आधीच मोजलेला असायचा. एका कारखान्याने दुसऱ्याचे पैसे थकवले की दुसरा तिसऱ्याचे थकवायचा, आणि ही साखळी कागदोपत्री येणी म्हणून मालमत्तेत दिसायची. त्यात 1 जानेवारी 1991 पासून कोमेकॉन म्हणजे सोव्हिएत गटाच्या व्यापारसंघातल्या देशांमधला व्यापार हस्तांतरणीय रूबल हे आपसांतल्या हिशेबाचं चलन सोडून डॉलरसारख्या चलनात आणि जागतिक भावांनी होऊ लागला. ज्या कारखान्याचा निम्मा माल सोव्हिएत संघात जायचा, त्याची कालची विक्री उद्याबद्दल काहीच सांगेना. लेखापाल तीन वेगवेगळ्या पद्धतींनी मूल्य काढायचे आणि तीन उत्तरं यायची. खरी किंमत शेवटी एकच: समोर किती गिऱ्हाइकं बसली आहेत आणि विकणाऱ्याला किती घाई आहे.

शिवाय हा व्यवहार म्हणजे भाडेकरू, हिस्सेदार आणि गळकं छत यांच्यासकट जुना वाडा घेण्यासारखा होता. 1948 नंतर राष्ट्रीयीकरण झालेल्या जमिनींवर जुन्या मालकांचे दावे उभे राहत होते. झेक सरकारने कित्येक बाबतींत मूळ मालमत्ता परत केली. हंगेरीने मालमत्ता परत न देता भरपाईपत्रं दिली, आणि त्यामुळे तिथल्या खरेदीदाराला कागद स्वच्छ मिळाले. कारखान्याखालच्या मातीत तेल, जड धातू, रसायनं मुरलेली असायची. साफसफाईचा खर्च किती येईल ते खणल्याशिवाय कळत नाही, आणि खणेपर्यंत करार थांबू शकत नाही. सरकारी कंपन्यांची विक्री सांभाळणाऱ्या झेक राष्ट्रीय मालमत्ता निधीने यावर वेगळ्या हमीचा मार्ग काढला: जुन्या प्रदूषणाच्या सफाईचा खर्च एका मर्यादेपर्यंत निधी देईल, खरेदीनंतरची घाण तुमची. पण ही तारखेची रेघ ओढायची तर विक्रीच्या दिवशी मातीचे आणि भूजलाचे नमुने घेऊन ठेवावे लागतात. ते नीट घेतले नाहीत की पुढे जुनी घाण कुठली आणि नवी कुठली यावर वाद माजतो. याखेरीज कारखान्यांची स्वतःची पाळणाघरं, वसाहती, दवाखाने, सुट्टीची विश्रामगृहं होती. खरेदीदाराला ती नको असायची आणि नगरपालिकेकडे ती चालवायला पैसा नसायचा.

आता स्कोडा. डिसेंबर 1990 मध्ये झेक सरकारपुढे अखेरचे दोन दावेदार होते, फोक्सवागन आणि रेनो. सरकारने फोक्सवागनला निवडलं त्यामागे पैशाइतकंच एक वचन होतं: स्कोडा हे नाव, स्वतःचं आरेखन आणि विकास विभाग, आणि म्लादा बोलेस्लाव या स्कोडाच्या मूळ गावी पूर्ण गाडी बनवण्याची क्षमता कायम राहील. रेनोच्या आराखड्यात स्कोडाच्या स्वतःच्या मॉडेलला इतकं स्थान नव्हतं. माझ्या मते झेक बाजूने केलेली ही सर्वांत शहाणपणाची निवड. जुळणीचा कारखाना कुठेही हलवता येतो. आरेखन विभाग हलवायचा तर माणसं हलवावी लागतात.

पुढे वाटा टप्प्याटप्प्याने वाढला: 1994 मध्ये 60.3 टक्के, 1995 मध्ये 70, आणि 2000 मध्ये पूर्ण 100. या पायऱ्यांचा हेतू उघड होता. गुंतवणूकदार आधी पैसा आणि तंत्र आणेल, मग त्याला बहुमत मिळेल. पण इथेच करार घसरला. सुरुवातीच्या आराखड्यात सुमारे 7 अब्ज जर्मन मार्कांची गुंतवणूक धरली होती. 1993 मध्ये फोक्सवागन स्वतः तोट्यात गेली. सप्टेंबरमध्ये स्कोडासाठी ठरलेलं मोठं आंतरराष्ट्रीय कर्ज तिने सही व्हायच्या तोंडावर नाकारलं, गुंतवणुकीचा आराखडा जवळपास अर्ध्यावर आणला आणि म्लादा बोलेस्लावचा नियोजित इंजिन कारखाना बाजूला ठेवला. सरकार संतापलं, पण त्याच्या हातात फारसं काही नव्हतं. डिसेंबर 1994 मध्ये नव्याने करार झाला, तो फोक्सवागनला मानवेल असाच.

हे असं का झालं? गुंतवणुकीचं वचन 'दहा वर्षांत इतके अब्ज' असं लिहिलं तर ते मोजता येतं, पण वसूल करता येत नाही. वसूल करण्याजोगं वचन वेगळ्या तऱ्हेने लिहावं लागतं. वर्षागणिक रक्कम, ती कोणत्या यंत्रणेवर खर्च होणार, तपासणी कोण करणार, आणि चुकल्यास काय: दंड, बँक हमी, की वाट्याचा पुढचा टप्पा रोखणं. यातलं शेवटचं हत्यार सर्वांत धारदार, कारण ते वापरायला न्यायालयात जावं लागत नाही. पण कंपनी चालवायला दुसरा भागीदार नसेल तर तेही म्यानातच राहतं.

इतकं होऊनही स्कोडा तरली. त्याचं कारण पुरवठादारांच्या बाबतीत सापडतं. नियोजनाच्या काळात कारखान्यांना बाहेरच्या पुरवठ्याचा भरवसा नसे, म्हणून होईल तेवढं सगळं ते घरातच बनवत. बाहेरच्या व्हेंडरकडून येणारा माल वेळेवर येईलच असं नव्हतं आणि आला तरी तो मापात असेलच असं नव्हतं. फोक्सवागनने जुन्या पुरवठादारांना सरसकट हाकललं नाही. त्यांची तपासणी करून श्रेण्या लावल्या. सुधारता येण्याजोगे ठेवले आणि त्यांना जर्मन सुटे-भाग कंपन्यांशी भागीदारी करायला लावली. त्याच वेळी ओळखीच्या जर्मन पुरवठादारांनाही झेक भूमीवर कारखाने काढायला सांगितलं. हातात असलेली गाडी होती 1987 ची फेव्हरिट. तिच्यातले दोष एकेक करून काढत 1994 मध्ये फेलिशिया आली आणि 1996 मध्ये फोक्सवागन समूहाच्या सामाईक सांगाड्यावरची पहिली ऑक्टेव्हिया. ऑक्टेव्हियाच्या नव्या शेडमध्ये काही पुरवठादार तर थेट उत्पादन साखळीच्या बाजूला बसवले होते. या पाच वर्षांत शेकडो लहान कारखान्यांना तपासणीची शिस्त आणि मापातली अचूकता शिकावी लागली. देशाच्या दृष्टीने खरा लाभ तो होता, आणि गुंतवणुकीच्या आकड्यात तो कुठेच दिसत नाही.

याच्या उलट चित्र वॉर्सात दिसलं. सरकारी मोटार कंपनी एफएसओसाठी जनरल मोटर्सशी बोलणी चालू होती, पण अमेरिकनांना सबंध कंपनी आणि तिची सगळी माणसं नको होती. कोरियाच्या देवूने 1995 मध्ये तिथे हात घातला: 70 टक्के वाटा, सहा वर्षांत 1.1 अब्ज डॉलर गुंतवण्याचं वचन आणि तीन वर्षं नोकरकपात नाही. कागदावर यापेक्षा चांगला सौदा सापडणं कठीण. पण देवूचा विस्तार कर्जावर उभा होता. 1999 मध्ये तो समूह कोसळला आणि एफएसओ वाऱ्यावर आली. त्याआधीही पोलंडमध्ये जुळलेल्या देवू गाड्यांत कोरियाहून आलेल्या सुट्या भागांचा वाटा मोठा होता. आयातकर चुकवण्यासाठी जवळजवळ तयार गाड्या थोड्या सुट्या करून आणतात, अशी युरोपीय संघाची तक्रार होती. जनरल मोटर्सने मात्र सिलेशियातल्या ग्लिवित्सेत, विशेष आर्थिक क्षेत्रातल्या मोकळ्या जमिनीवर नवा कारखाना बांधला. तो 1998 मध्ये सुरू झाला आणि टिकला. जास्तीत जास्त वचन देणाऱ्यालाच माल विकायचा या हट्टाची ही किंमत होती. खरेदीदाराचा ताळेबंद तपासणं हे विकणाऱ्याचंही काम असतं, आणि तेच बहुतेक सरकारी समित्यांनी केलं नाही.

हंगेरीत तुंगस्रामचा सौदा याहून आधीचा. नोव्हेंबर 1989 मध्ये जनरल इलेक्ट्रिकने या जुन्या दिवे-कंपनीचे 50 टक्के अधिक एक भाग (शेअर) 15 कोटी डॉलरला घेतले. कंपनी मुळात पश्चिमेला निर्यात करणारी, माल चांगला, तंत्रज्ञ उत्तम. तरीही पहिली काही वर्षं तोट्याची गेली, आणि त्याचं मोठं कारण कारखान्याबाहेर होतं. 1991 मध्ये देशात महागाई 35 टक्क्यांच्या घरात गेली, पण फोरिंट या हंगेरियन चलनाचं अवमूल्यन तिच्या मानाने कमी झालं. विक्री मार्क-डॉलरमध्ये आणि पगार, वीज, कच्चा माल फोरिंटमध्ये. म्हणजे निर्यात होणाऱ्या प्रत्येक दिव्यामागे मिळकत जवळजवळ तेवढीच राहिली आणि खर्च वाढत गेला. हजारो कामगार कमी झाले. विनिमय दर महागाईला लगाम घालण्यासाठी बांधून ठेवायचा आणि त्याच वेळी निर्यातदार गुंतवणूकदार बोलवायचा, हे दोन्ही एकाच खुर्चीवर बसत नाही.

झेक सरकारची दुसरी वाट कूपन खासगीकरणाची. 1992 मध्ये प्रत्येक प्रौढ नागरिकाला हजारभर क्राऊनमध्ये 1000 गुणांचं कूपन-पुस्तक घेता आलं आणि त्यावर कंपन्यांचे भाग मागता आले. न्याय्य वाटावी अशी कल्पना. पण बहुतेकांनी गुण गुंतवणूक निधींकडे दिले, त्यांतले मोठे निधी सरकारी बँकांनी काढलेले, आणि तोट्यातल्या कारखान्यांना कर्ज देणाऱ्याही त्याच बँका. मालक विखुरलेले, व्यवस्थापक मोकळे. कंपनीतून मालमत्ता स्वतःच्या दुसऱ्या कंपनीत वळवण्याला झेक लोक तेव्हापासून 'बोगदा खणणं' म्हणतात. परदेशी उत्पादकाला अशा कंपनीत शिरायला दारच नसायचं: बोलणी करायची कुणाशी? 1997 च्या चलनसंकटानंतर धोरण बदललं आणि 1998 पासून मोठ्या नव्या कारखान्यांना करसवलती मिळू लागल्या. त्यानंतर ओघ स्पष्टपणे वाढला. अर्थात फक्त सवलतींमुळे तो वाढला असं मी म्हणणार नाही. जर्मनीची सीमा आणि युरोपीय संघाच्या सदस्यत्वाची शक्यता यांचं वजन त्यात अधिक होतं.

सवलतींचं दुसरं टोक हंगेरीतल्या ग्यॉर शहरात दिसतं. आउडीने 1993 मध्ये तिथे पाय रोवला आणि पुढच्या वर्षापासून इंजिनं बनू लागली. कारखाना सीमाशुल्कमुक्त क्षेत्रात. सुटे भाग जर्मनीतून येणार, इंजिन जर्मनीत जाणार. निर्यातीचे आकडे डोळे दिपवणारे, पण सुरुवातीच्या काळात हंगेरियन पुरवठादारांचा वाटा नगण्य. शुल्कमुक्त कुंपणाच्या आत आयात करणं इतकं सोपं होतं की बाहेरच्या हंगेरियन वर्कशॉपकडे वळायचं कुणाला कारणच नव्हतं.

शेवटी नफ्याकडे येऊ. गुंतवणुकीचं एक वय असतं. पहिली चार-पाच वर्षं तोटा, मग नफा आणि त्याची पुनर्गुंतवणूक, आणि साधारण दीड दशकानंतर लाभांश बाहेर जाऊ लागतो. झेक प्रजासत्ताकात 2010 नंतर राष्ट्रीय उत्पन्न देशांतर्गत उत्पादनापेक्षा पाच-सात टक्क्यांनी कमी भरत होतं, त्यातला मोठा भाग परदेशी मालकांच्या नफ्याचा. हंगेरी सरकारने 2010 मध्ये बँका, टेलिफोन, ऊर्जा आणि किरकोळ विक्री साखळ्यांवर विशेष कर लावले. या क्षेत्रांत परदेशी कंपन्यांचा वाटा मोठा होता. निर्यातीसाठी मोटारी आणि इंजिनं बनवणाऱ्यांना मात्र त्या करांतून वगळलं, आणि पुढे त्यांच्यातल्या मोठ्या कंपन्यांशी सरकारने 'व्यूहात्मक भागीदारी'चे करार केले. टेलिफोनचं जाळं आणि विजेच्या तारा उचलून नेता येत नाहीत, मोटारीची जुळणी सीमेपलीकडे नेता येते. 1990 च्या दशकात हेच उलट्या दिशेने चाललं होतं: वीज कंपन्या विकताना सरकारने खरेदीदारांना भांडवलावर 8 टक्के परताव्याची हमी दिली होती, कारण तेव्हा तारा विकायची घाई सरकारला होती.