काळा चष्मा

जानेवारी १९५०. तोक्यो. उघड्या मोटारीतून निघालेल्या या बाई म्हणजे तानाका किनुयो. वय चाळीस, त्यातली पंचवीस वर्षं पडद्यावर. तीन महिन्यांपूर्वी अमेरिकेला निघाल्या, तेव्हा अंगावर किमोनो होता. आता डोळ्यांवर काळा चष्मा, गळ्यात फुलांचे हार. आणि हा हात बघा. ओठांना लागला, गर्दीकडे गेला.

एवढ्यावरून वर्तमानपत्रांनी बाईंना सोलून काढलं. देशात अमेरिकी फौजा तळ ठोकून, त्याचं कुणाला काही नाही. बाईने हवेत मुका फेकला, तो मात्र झोंबला.

तीन वर्षांनी बाईंनी उत्तर दिलं, असं आम्हाला वाटतं. कॅमेऱ्यामागे जाऊन.

पण आधी शिकायचं. एवढी मोठी नटी दिग्दर्शक नारुसे मिकिओंच्या सेटवर साहाय्यक म्हणून उभी राहिली. दुसरे दिग्दर्शक, किनोशिता केइसुके, यांनी पटकथा लिहून दिली. मग कॅमेरा निघाला तोक्योतल्या शिबुयाला, खऱ्या रस्त्यांवर. १९५३चा 'कोइबुमी', म्हणजे प्रेमपत्र.

ही त्यातली गल्ली. इथे इंग्रजी पत्रं लिहून मिळतात. मायदेशी गेलेल्या अमेरिकी सैनिकांना बायका इथून पत्रं धाडतात. बाई सांगते, युद्धावरून परतलेला रेइकिची ते इंग्रजीत उतरवतो. एक दिवस तो आत असताना बाहेरून ओळखीचा आवाज येतो. मिचिको! जिला तो वर्षानुवर्षं शोधत होता, तीही पत्र लिहून घ्यायलाच आली आहे. तो धावत सुटतो. स्टेशनची ही गर्दी... आणि ती.

पुढे तो तिला फैलावर घेतो. अमेरिकनाबरोबर राहिली, एवढंच त्याला दिसतं. स्वतः तो त्याच पत्रांवर पोट भरतो, हे बाईंचा कॅमेरा विसरत नाही. आता मिचिको झालेल्या कुगा योशिकोचा चेहरा. इथे आम्ही गप्प बसतो.

चित्रपट फ्रान्समधल्या कान महोत्सवाला गेला. शिबुयातल्या त्या गल्लीला 'कोइबुमी योकोचो', प्रेमपत्रांची गल्ली, असं नाव पडलं. दुसऱ्या चित्रपटाच्या वेळी दिग्दर्शक मिझोगुची केन्जी आडवे आले. त्यांच्या कितीतरी चित्रपटांच्या बाई नायिका. तरी १९६२पर्यंत एकूण सहा चित्रपट झाले.

जरा मागे जाऊ. पुन्हा पत्रांचं दुकान. गिऱ्हाइकांमधली ही एक बाई, पत्र सांगतेय. चष्मा नाही, हार नाही.

तानाकाबाईच आहेत.