इंगर उठते तेव्हा

पत्रिकेवर 'बिर्गिटे फेडरस्पील : समग्र कारकीर्द' असं छापलंय. समग्र! पाऊण तासातली पंधरा मिनिटं तर शाल-श्रीफळातच गेली. नारळ मात्र चांगला मोठा आहे. या डॅनिश अभिनेत्रीचं नाव आधी कुणी ऐकलंय? एकच हात. आणि ते माझे मेहुणे, त्यांचा धरत नाही.

तर कार्ल ड्रायरचा 'ओर्डेट', १९५५. मी तो कॉलेजात असताना एका फिल्म सोसायटीत पाहिला. लोखंडी खुर्च्या, पाठीमागे प्रोजेक्टरची खडखड. घरची थोरली सून इंगर, म्हणजे आपली बिर्गिटे, बाळंतपणात जाते. पांढऱ्या भिंतींची खोली, मधोमध शवपेटी... आणि हॉलचा रखवालदार किल्ल्या वाजवत आत आला. नऊ वाजले! दिवे लागले. चिटणीस म्हणाले, "आता फारसं काही राहिलेलं नाही." शेवटच्या बसमध्ये मी रडत होतो. पुढे अकरा वर्षं मी सगळ्यांना सांगत फिरलो की ड्रायरइतका निराश दिग्दर्शक जगात नाही. त्यावर लेखही लिहिला. छापूनही आला, हे दुर्दैव.

मग एकदा कॅसेट हाती लागली. इंगर उठते हो! गुंफलेली बोटं सुटतात, डोळे उघडतात, ती नवऱ्याला बिलगते आणि तिचे उघडे ओठ त्याच्या गालावर रुतून राहतात. आम्हाला चमत्कार म्हटला की डोक्यामागे वलय हवं. इथे नुसता ओला गाल.

अजून एक. धर्माच्या वादातून या घराशी फटकून असलेला शिंपी पीटर वैर विसरून त्या शवपेटीपाशी येतो. ते काम केलंय आयनर फेडरस्पील यांनी. म्हणजे बिर्गिटेचे सख्खे वडील! आणि चित्रीकरणाच्या वेळी ती खरोखरच गरोदर होती. सिनेमात प्रसूतीच्या वेळी ऐकू येतं ते तिचं स्वतःचं कण्हणं, ड्रायरने मुद्रित करून घेतलेलं.

चिठ्ठी आली. पाच मिनिटं. बरं, भरभर सांगतो. जन्म १९२५, मृत्यू २००५. 'ओर्डेट'ला व्हेनिसमध्ये सुवर्णसिंह, तिला डेन्मार्कचा बोडिल पुरस्कार. तो दोन बोडिल अभिनेत्रींच्या नावाचा, इप्सन आणि केयर. १९८७च्या 'बाबेट्स फीस्ट'मध्ये याच बोडिल केयर तिची म्हातारी बहीण झाल्यात. या सिनेमाला परभाषिक चित्रपटाचं ऑस्कर मिळालं. जेवणाच्या टेबलाशी 'ओर्डेट'मधला तिचा वेडसर दीर, प्रेबेन लेरडॉर्फ रूये, हाही आहे, बत्तीस वर्षांनी.

माझा मुद्दा खरं तर स्वयंपाकघराचा होता. दिराचं लग्न जमावं म्हणून इंगर सासऱ्यापुढे कॉफी ठेवून त्याला वळवू बघते. 'बाबेट्स फीस्ट'मधली तिची म्हातारी मार्टिन पॅरिसच्या नामांकित शेफला पाव आणि बिअरची पेज शिकवते, तीही पूर्ण गंभीरपणे! भाषण ठोकायचं नाही, हातातलं काम थांबवायचं नाही, आणि तरी घर तिच्याभोवती फिरतं. यावर माझ्याकडे अकरा पानं आहेत, ती राहू द्या.

दादा, शेवटची दहा मिनिटं लावा. आणि दाराला आतून कडी घाला.