जागा घरची, पंप कंपनीचा

(दृश्य: पहाट, इंदूरचा ए. बी. रोड. हुकावर टांगलेली नोझल, टँकर आत वळतोय.)

हा जुना आग्रा-मुंबई रस्ता. मोठे ट्रक आता बायपासनं जातात, तरी या पंपावर उजाडायच्या आत रांग लागते. कॅनोपीखालची जागा रामबागेतल्या एका मराठी कुटुंबाची. मालमत्ता कराची पावती आजही त्यांच्याच नावानं फाटते. पंपावर मात्र पाटी दुसऱ्याची आहे.

(दृश्य: ओटीवर सोडलेलं लाल बासन, स्टॅम्प पेपर.)

कागद दोन आहेत. पहिला भाडेपट्टा: आजोबांनी जागा तेल कंपनीला दिली. दुसरा डीलरशिपचा करार: त्याच जागेवरचा पंप कंपनीनं आजोबांनाच चालवायला दिला. या धंद्यात ही रीत जुनीच. घरच्यांनी दोन्ही कागद एका बासनात बांधले आणि एकच व्यवहार समजून चालले. कोर्टात ते दोन निघाले. भाड्याचा आकडा आम्ही वाचत नाही, पडद्यावर आहे.

पट्टा लिहिला तेव्हा कंपनी विदेशी होती. पुढं १९७४ मध्ये एस्सो, १९७६ मध्ये बर्मा-शेल आणि १९७७ मध्ये कॅल्टेक्स, तिघींचा इथला कारभार सरकारनं कायदे करून घेतला. त्या कायद्यांत एक तरतूद होती: मुदत संपली आणि पट्टा पुढं हवा असला, तर तो मूळ अटींवरच वाढेल. म्हणजे मूळ भाड्यातच! मालकाला कोणी विचारायचं नाही. बर्मा-शेलच्या जुन्या पट्ट्याच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं २००७ मध्ये बजावलं की सरकारी कंपनीला हा हक्क मनाला येईल तसा वापरता येणार नाही, निर्णय वाजवी हवा. तोवर आजोबा गेले होते. त्यांच्यामागं पंप घरातल्या काकांनी चालवला.

(दृश्य: काचेच्या नळकांड्यात पेट्रोल, तरंगणारा हायड्रोमीटर, काकांची बोटं.)

टँकर रिता करायच्या आधी काका हायड्रोमीटरनं डेन्सिटी, म्हणजे तेलाची घनता, बघत. १५ अंश तापमानाला आणलेला आकडा टँकरसोबत आलेल्या चलनावरच्या आकड्याशी ताडायचा. घनमीटरमागे ३ किलोपेक्षा जास्त फरक दिसला तर माल उतरवायचा नाही. तपासणीवाले येतात तेव्हा नमुना ॲल्युमिनियमच्या डब्यांत भरतात, सील करतात. एक संच पंपावर राहतो, एक कंपनीकडे, एक प्रयोगशाळेत. काकांच्या वाट्याचा डबा हा इथं, सील शाबूत. प्रयोगशाळेनं नमुना नापास केला. आधी शो-कॉज, म्हणजे कारणे दाखवा, नोटीस आली, मग डीलरशिप रद्द.

नमुना तपासताना काकांना बोलावलं होतं का, यावर सगळं अडलंय. २०१० मध्ये अशाच एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं डीलरशिप रद्द करणं बेकायदा ठरवलं, कारण डीलरला चाचणीची सूचनाच मिळाली नव्हती. २००३ च्या एका निकालानुसार करारात लवादाचं कलम असलं तरी उच्च न्यायालयाचं दार बंद होत नाही. १९९१ चा, एका गॅस एजन्सीच्या प्रकरणातला निकाल मात्र काकांच्या वकिलांना आवडत नाही: नोटीस देऊन मोडता येणारा करार असेल, तर एजन्सी परत नाही, नोटिशीच्या ३० दिवसांची भरपाई तेवढी. कंपनीचा भर त्यावरच. कंपनीच्या दारात आमचा कॅमेरा चालला नाही, तेव्हा तिची बाजू एवढीच.

(दृश्य: एम. जी. रोड, उच्च न्यायालयाच्या इंदूर खंडपीठाचं फाटक, काका पिशवी सांभाळत.)

इंदुरात तारखेला पेशी म्हणतात. काकांच्या दोन फायली: एक डीलरशिपची, वरच्या कोर्टात, दुसरी जागा रिकामी करून मागणारी, खालच्या कोर्टात. पेशी एकाच दिवशी आली की काकू घरून निघून खाली बसतात आणि काका वर. डीलरशिप गेली तरी पट्टा आहेच, म्हणून त्यांच्याच जागेत आज नवा डीलर बसलाय.

कामावरची पोरं पांगली, दोघं बायपासच्या पंपावर लागली.

(दृश्य: डेन्सिटीची वही. शेवटच्या पानावर अर्ध्यात थांबलेल्या नोंदी. निवेदन नाही.)