दुसऱ्या विश्वातलं तत्त्वज्ञान कसं लिहायचं? एक नमुना पांडवलेणीत आहे

नमस्कार मंडळी! समजा, एक जाडजूड ग्रंथ तुमच्या हातात आला. त्यातला एकही लेखक आपल्या विश्वातला नाही. प्रत्येक प्रकरण वेगळ्या विश्वातल्या विचारवंताचं, आणि प्रत्येक विश्वाचे नियम निराळे. असा ग्रंथ अर्थातच कुठे नाही. तो आपणच रचायचाय. कसा, ते आज बोलू.

अनेक विश्वांची कल्पना जुनीच आहे. जर्मन तत्त्वज्ञ लायब्निझने १७१० मध्ये मांडलं की देवापुढे असंख्य शक्य विश्वं होती आणि त्यातलं सर्वोत्तम त्याने निवडलं. भौतिकशास्त्रज्ञ ह्यू एव्हरेटने १९५७ मध्ये क्वांटम सिद्धांताचा, म्हणजे अणूइतक्या सूक्ष्म जगाच्या नियमांचा, असा अर्थ लावला की मोजमाप करताना शक्य असलेले सगळेच निकाल घडतात, आपापल्या शाखेत, म्हणजे विश्वाला फुटलेल्या वेगवेगळ्या फांद्यांत. तत्त्वज्ञ डेव्हिड लुईस तर १९८६ मध्ये म्हणाला, शक्य असलेलं प्रत्येक विश्व आपल्याइतकंच खरं आहे. पण मला आज त्या विश्वांत राहणाऱ्या माणसांबद्दल बोलायचंय.

कारण अशा लेखनात नेहमी एक गोष्ट बिघडते. आकाशात तीन चंद्र, डोंगर हवेत तरंगणारे, आणि तिथला ऋषी मात्र आपल्या शाळेच्या फळ्यावरचा सुविचार बोलतो. अहो, नियम बदलले तर माणसांच्या अडचणीही बदलायला हव्यात ना? म्हणून माझं म्हणणं असं: त्या विश्वातलं तत्त्वज्ञान तिथल्या कर्जात, वाटणीत, शिक्षेत शोधा. उपदेशात शोधू नका.

याचा नमुना आपल्या नाशिकमध्येच आहे. पांडवलेणीत १० नंबरच्या लेण्यावर जा. व्हरांड्यात ब्राह्मी लिपीतला लेख आहे, नहपान क्षत्रपाचा, म्हणजे इथल्या शक राजाचा, जावई उषवदात याचा. त्याने भिक्खूंसाठी ३,००० कार्षापण (तेव्हाची नाणी) ठेव म्हणून दिले, गोवर्धन गावच्या विणकरांच्या दोन श्रेणींकडे, म्हणजे व्यावसायिक संघांकडे. २,००० वर महिन्याला शेकडा एक व्याज, उरलेल्या १,००० वर पाऊण. आता हिशेब करा. २,००० चं वर्षाचं व्याज झालं २४०. लेण्यात वर्षावासाला, म्हणजे पावसाळ्याच्या मुक्कामाला, राहणारे भिक्खू २०, प्रत्येकाला चीवरासाठी (भिक्खूच्या वस्त्रासाठी) १२. बरोबर २४०! मुद्दल कधीच परत घ्यायचं नाही, फक्त व्याज खायचं. हे सगळं निगमसभेत, म्हणजे नगराच्या सभेत, वाचून दाखवलं आणि रीतसर नोंदवलंही.

या ठेवीला लेखात शब्द आहे अक्षयनीवी, कधीच न संपणारी ठेव. म्हणजे सगळं अनित्य आहे असं शिकवणारे भिक्खू, आणि त्यांच्या वस्त्रांची सोय न संपणाऱ्या ठेवीतून. मला यात ढोंग अजिबात दिसत नाही. माणसं जातील, विणकर बदलतील, पण श्रेणी हा शब्द पाळेल, असा तो विश्वास आहे. एका साध्या व्यवहारात केवढा मोठा प्रश्न दडलाय: सगळं बदलत असताना देणं कुणाचं राहतं?

हाच प्रश्न दुसऱ्या विश्वात नेऊ. तिथे मरत कुणीच नाही, पण दर दहा वर्षांनी माणूस सगळं विसरतो. सावकार दारात उभा. ऋणको म्हणतो, ज्याने पैसे घेतले तो मी नव्हेच. आपल्याकडे नागसेन या बौद्ध भिक्खूने मिलिंद या ग्रीक राजाला असाच दाखला दिला होता. आंबे चोरणारा म्हणतो, मालकाने लावला तो आंबा वेगळा, मी तोडले ते वेगळे. तरी तो सुटत नाही, कारण हे आंबे त्यातूनच आले. तोच युक्तिवाद सावकार करतो: कर्ज काढून लावलेल्या बागेची द्राक्षं तूच विकतोस ना? मग कर्जही तुझंच. ऋणको निरुत्तर. पण शेजारी त्याचा भाऊ उभा असतो. तो विचारतो, मागच्या दहा वर्षांत याने माझा अपमान केला, त्यातून कसली द्राक्षं आली? त्याची भरपाई कुणी करायची? इथे सावकाराचा युक्तिवाद तोकडा पडतो, आणि आपल्या ग्रंथाचं पहिलं प्रकरण इथूनच सुरू व्हायला हवं.

दुसरं प्रकरण अशा विश्वातलं, जिथे शेजारच्या शाखा सगळ्यांना दिसतात. चोराचा वकील सांगतो, आजूबाजूच्या सगळ्या शाखांत माझ्या अशिलाने सापडलेलं पाकीट परत केलंय, फक्त इथे मोह झाला. कोर्ट म्हणतं, शिक्षा इथल्या कृत्याचीच होणार. ठीक. पण दुकानदार उधारी देताना सगळ्या शाखा बघून घेतो. मग इथे आयुष्यात एक रुपया न बुडवलेल्या माणसालाही उधार मिळेना, कारण बाकीच्या शाखांत तो कर्जबुडव्या निघाला. त्याने दाद कुठे मागायची? माझ्या मते या ग्रंथातली सगळ्यात खोल पानं हाच माणूस लिहील.

आता तुमची पाळी. एक नियम ठरवा, आणि त्या नियमामुळे अडलेला एक व्यवहार लिहून पाठवा. ऋषीला बाजूला बसवा. तिथला हिशेबनीस, तिथली सासू, तिथला भाडेकरू यांना बोलू द्या. आलेल्या प्रकरणांतली दोन-तीन पुढच्या भागात वाचू आणि त्यावर मनसोक्त वाद घालू.