हात लावला नाही, तरी खुनी? कलम 34 आणि निर्दोष सुटलेल्याविरुद्धचं अपील

समजा, बांधावरून भांडण पेटलंय. एकाच्या हातात कोयता, दुसरा त्याच्या शेजारी उभा. वार एकानेच केला, माणूस जागीच गेला. दोषारोपपत्रात मात्र दोघांवर भारतीय दंड संहितेचं कलम 302, म्हणजे खून, आणि सोबत कलम 34. मग दुसऱ्याची आई वकिलाला विचारते, "साहेब, माझ्या पोरानं हातसुद्धा लावला नाही, त्याच्यावर खुनाची केस कशी?"

नमस्कार मंडळी. प्रश्न भाबडा वाटतो, पण यावर शंभर वर्षं मोठमोठे न्यायाधीश डोकं खाजवतायत.

1923 सालची गोष्ट. कलकत्त्याच्या शांखारीटोला पोस्ट ऑफिसात पोस्टमास्तर पैसे मोजत बसलेत. काही जण येतात, पैसे मागतात, गोळ्या झाडतात, पोस्टमास्तर मरतात. पकडला गेला बरेंद्रकुमार घोष. त्याचं म्हणणं, मी बाहेर अंगणात घाबरून उभा होतो. प्रकरण लंडनला प्रिव्ही कौन्सिलपर्यंत, म्हणजे ब्रिटिश काळातल्या सगळ्यात वरच्या अपील कोर्टापर्यंत गेलं आणि तिथे त्याला सांगितलं गेलं की बाहेर उभं राहणं हाही त्याच कामातला वाटा असू शकतो. कलम 34 म्हणजे हेच. सगळ्यांचा उद्देश एक, तो तडीस नेताना एकाने काही केलं, तर ते प्रत्येकाने केल्यासारखं.

आता कुणी म्हणेल, मग काय, जो जवळ सापडला तो गेला आत! थांबा. 1943, सिंधू नदीचा काठ. नावेतून लव्हाळी कापून नेणाऱ्या लोकांना एक जण अडवतो. त्याला बांबूचा तडाखा बसतो, तो मदतीसाठी ओरडतो. दोघे जण बंदुका घेऊन धावत येतात. एकाच्या गोळीने माणूस मरतो, दुसऱ्याच्या गोळीने वेगळाच माणूस जखमी होतो. पहिला फरार. सापडला दुसरा, महबूब शाह, आणि त्याला फाशीची शिक्षा! 1945 मध्ये प्रिव्ही कौन्सिलने त्याची खुनाची शिक्षा रद्द केली. दोघे आले होते आपल्या माणसाला सोडवायला. ठार मारायचं असं दोघांचं ठरलं होतं, याचा पुरावा कुठाय? दोघांच्या मनात एकसारखा विचार असणं वेगळं आणि दोघांचा मिळून एक विचार असणं वेगळं. हा फरक माझ्याही डोक्यात पहिल्यांदा शिरला नव्हता, तेव्हा व्हिडिओ थोडा मागे नेलात तरी चालेल.

पुढे पांडुरंग विरुद्ध हैदराबाद राज्य या खटल्यात न्यायमूर्ती विवियन बोस यांनीही हेच धरलं. संगनमत जागच्या जागी, क्षणात होऊ शकतं, पण ते झालं होतं हे दिसलं पाहिजे. आणि जमावातल्या प्रत्येकाला जबाबदार धरणाऱ्या कलम 149 शी गल्लत करू नका. तिथे पाच किंवा जास्त लोकांचा बेकायदेशीर जमाव लागतो. 1 जुलै 2024 पासूनच्या गुन्ह्यांना 34 च्या जागी भारतीय न्याय संहितेचं कलम 3(5) आणि 302 च्या जागी 103 लागतं. आकडे बदलले, भांडण तेच.

आता समजा, सेशन कोर्टाने त्या शेजारी उभ्या असलेल्या पोराला संशयाचा फायदा देऊन सोडलं. मेलेल्याच्या घरच्यांना हा अन्याय वाटतो. सरकार 90 दिवसांत हायकोर्टात अपील करू शकतं, पण त्याला आधी हायकोर्टाची परवानगी लागते. फौजदारी प्रक्रिया संहितेतल्या 2009 च्या दुरुस्तीपर्यंत घरच्यांना अपिलाचा असा स्वतःचा हक्कच नव्हता, सरकारच्या तोंडाकडे बघत बसायचं. आता तो आहे, आणि 2018 मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं की पीडिताला, म्हणजे इथे या घरच्यांना, परवानगीही नको.

पण हायकोर्टासमोर काय असतं? कागद. साक्षीदार अडखळला, नजर चुकवली, हे पाहिलं सेशन जजने. 1934 पासून, शिव स्वरूप खटल्यापासून, वरच्या कोर्टाला सगळा पुरावा नव्याने तपासायची पूर्ण मुभा आहे, फक्त हात जपून घालायचा. 2007 च्या चंद्रप्पा खटल्यात हे आणखी स्पष्ट झालं. आरोपी मुळात निर्दोष धरलेला असतोच, सुटल्यावर ते गृहीतक दुप्पट घट्ट होतं. एकाच पुराव्यातून दोन वाजवी निष्कर्ष निघत असतील, तर सुटका मोडायची नाही. आणि कलम 34 मध्ये असे दोन निष्कर्ष हमखास निघतात, कारण मनातलं संगनमत कुठे लिहून ठेवलेलं नसतं. ते वागण्यावरून ओळखायचं. कोण कुणाबरोबर आलं, हत्यार आधीच हातात होतं का, "धर त्याला" कोण म्हणालं, पळाले ते एका दिशेनेच का.

म्हणून सुटलेला कायमचा सुटला, असंही नाही. 1973 चा शिवाजी साहेबराव बोबडे खटला आपल्या महाराष्ट्रातलाच. सेशन कोर्टाने सोडलं, हायकोर्टाने दोषी ठरवलं, सुप्रीम कोर्टाने ते कायम केलं. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी बजावलं की प्रत्येक बारीकसारीक शंकेला वाजवी शंका म्हणायचं नाही. 'केलं असेल' आणि 'केलंच आहे' यांतलं अंतर मात्र पुराव्यानेच तोडावं लागतं, हेही त्याच निकालात आहे.

तर त्या आईला वकिलाने काय सांगावं? हात लावला नाही, हा बचाव एकट्याने पुरत नाही. पोरगं तिथे कशासाठी गेलं होतं, ते आधी विचारा.